गच्चीवरची वीस घड्याळं

फिल्म पाहिलेली माणसं आम्हाला पत्रं पाठवतात. कुठून कुठून पाठवतात. आधी कौतुक करतात, तुम्ही किती वेगळं जगता वगैरे, आणि मग हटकून दोन प्रश्न विचारतात. एक, ती शेवटची बैठक खरी होती की फिल्मसाठी केलेली? आणि दोन, अगदी शेवटी त्या बाई एका घड्याळाला बांधलेली चिठ्ठी वाचतात आणि कॅमेऱ्याच्या तोंडावर दार लावतात, त्या चिठ्ठीवर काय लिहिलं होतं?

त्या बाई म्हणजे मी. दार मीच लावलं आणि चांगलं जोरात लावलं. पहिल्या प्रश्नाचं उत्तर देऊन देऊन माझं तोंड दुखलं. दुसऱ्याचं आजवर कोणाला दिलेलं नाही. आता भाऊजींना विचारून, त्यांनी हो म्हटल्यावर, एकदाच सगळं सांगून टाकते. पोस्टमनलाही जरा आराम मिळेल.

आमची इमारत म्हणजे एके काळचं हॉटेल. पाच मजले, वर गच्ची, एक लिफ्ट, तळाला डायनिंग हॉल. मी तिथे शिवणकामाला होते. चादरी, पडदे, वेटरांच्या कोटांची बटणं. आमचे हे घड्याळवाले. हॉटेलच्या प्रत्येक खोलीत भिंतीवर एक गोल, चावीचं, टोले देणारं घड्याळ होतं. मालकाची हौस. त्या सगळ्यांना चावी देणं, तेल घालणं, वेळेवर ठेवणं हे यांचं काम. यांचा धाकटा भाऊ, म्हणजे माझे दीर, भाऊजी, लिफ्टवर. एकवीस वर्षांपूर्वी एका सकाळी मालक सगळ्या चाव्या काउंटरवर ठेवून जो गेला तो गेलाच. पाहुणे गेले. आम्ही राहिलो, कारण आम्हाला दुसरीकडे जागाच नव्हती. एकेक खोली एकेका घरानं घेतली.

पहिली दोन वर्षं नुसती भांडणं. गरम पाणी आधी कोणाला, जिना कोण झाडणार, गच्चीवर दोऱ्या कोणाच्या. बैठक बसली की खुर्च्या उडायच्या. उगाच म्हणत नाही, हॉलमधल्या चार खुर्च्यांचे पाय अजून तिरके आहेत. शेवटी काउंटरताईनं तोडगा काढला. ही ताई पूर्वी रिसेप्शनवर होती. चिडलेला पाहुणा आला की ती त्याचं सगळं ऐकून घ्यायची आणि त्यालाच म्हणायची, "म्हणजे आपलं म्हणणं असं की..." आणि त्याच्यापेक्षा नीट मांडून दाखवायची. अर्धे पाहुणे तिथेच थंड व्हायचे. ती म्हणाली, आपणही तेच करून बघू.

तेव्हापासून आमच्याकडे नियम एकच. बैठकीत स्वतःचं म्हणणं स्वतः मांडायचं नाही. तुमचा ज्याच्याशी वाद, त्यानं तुमचं मांडायचं आणि तुम्ही त्याचं. दोघं जोवर "हो, हेच माझं म्हणणं" असं म्हणत नाहीत तोवर हात वर करायचे नाहीत. त्यासाठी आदल्या दिवशी समोरच्याच्या दारात जाऊन विचारायचं, तुझं म्हणणं सांग. त्याला आम्ही विचारणी म्हणतो. अध्यक्ष नाही, सेक्रेटरी नाही, एका खोलीचा एक हात. काउंटरवरची जुनी पितळी घंटी ताईनं वाजवली की बैठक सुरू, पुन्हा वाजवली की संपली. दोन घंट्यांच्या मध्ये ठरलं ते ठरलं. एकाच विषयावर दोनदा बैठक झाली, तर नंतरची खरी.

ऐकायला सोपं वाटतं. करून बघा. तिसऱ्या मजल्यावरच्या स्वयंपाक्याला कुत्रा पाळायचा होता आणि मी हात धुऊन त्याच्या मागे लागले होते. बैठकीत मला कुत्र्याची बाजू मांडावी लागली. मांडता मांडता मलाच त्या प्राण्याचा इतका कळवळा आला की सगळे हात त्याच्या बाजूनं गेले. आता तो झोपतो माझ्याच दाराशी, आणि घोरतोही.

तर अशा आमच्या घरात ती फिल्मवाली आली. तिशीची, केस बारीक कापलेले, खिशांची पँट. बरोबर एक माइकवाला, जो बोलायचा कमी आणि बिस्किटं जास्त खायचा. महिनाभर राहणार म्हणाली. ताईनं रीतसर बैठक घेतली, आम्ही रीतसर हात वर केले. पहिले आठ दिवस काय मजा झाली म्हणता. जिना झाडायला म्हणून तिघं तिघं यायला लागले. गरम पाण्यासाठी "आधी तुम्ही, आधी तुम्ही" करता करता बंब गार व्हायचा. स्वयंपाक्यानं तर कांदा चिरताना तत्त्वज्ञान सांगायला सुरुवात केली. मी फिल्मवालीला म्हटलं, "पोरी, ही माणसं अशी नाहीत. नवव्या दिवशी बघ." ती हसली आणि तेही तिनं टिपून घेतलं.

नवव्या दिवशी ती स्वयंपाक्याच्या खोलीत होती. मीही होते, त्याच्या पडद्याची किनार घालत बसले होते. तिनं भिंतीकडे बोट केलं. "हा गोल कसला आहे? असाच वरच्या खोल्यांतही पाहिला मी."

भिंतीवर एक फिकट गोल होता, ताटाएवढा. बाकी भिंत धुरकटलेली आणि तेवढाच भाग स्वच्छ.

"तिथे घड्याळ होतं," स्वयंपाकी म्हणाला.

"मग आता कुठे आहे?"

त्यानं माझ्याकडे पाहिलं आणि मान खाली घातली. "दुरुस्तीला दिलंय."

"कधी?"

"चार वर्षं होतील."

माझी सुई तिथेच थांबली.

आता हे सांगायला हवं. दरवर्षी आमचे हे घड्याळं खाली उतरवायचे, गच्चीवरच्या आपल्या खोलीत न्यायचे, साफ करून तेल घालून परत लावायचे. प्रत्येकाला दोऱ्यानं एक चिठ्ठी बांधलेली असायची: मालक कोण, बिघाड काय, वेळ किती लागेल. चार वर्षांपूर्वी अशीच एकोणीस घड्याळं बाकावर असताना ते दुपारी जेवायला खाली आले, जेवले, जरा पडतो म्हणाले, आणि उठलेच नाहीत. मी वर गेले, खोलीला कुलूप घातलं, किल्ली गळ्यात अडकवली. आत त्यांचा चष्मा आहे. त्याची एक काडी मीच निळ्या दोऱ्यानं बांधून दिली होती. बाकी आत काय काय आहे, कोणाचं आहे, याचा मी विचारच केला नाही. माझ्या लेखी ती सगळी यांची घड्याळं होती.

लोकांनी एका शब्दानं विचारलं नाही. उरलेल्या खोल्यांतली घड्याळंही यांच्या हाताशिवाय एकेक करून बंद पडली आणि चार वर्षं सगळी इमारत हॉलमधल्या एका घड्याळावर चालली. पोरं शाळेत जाताना जिन्यातून ओरडून वेळ विचारायची आणि मी मेली उलट त्यांनाच ओरडायची, की गोंगाट किती करता.

एकाच माणसानं विचारलं होतं. हे गेल्याला आठवडाही झाला नव्हता आणि भाऊजी दारात येऊन उभे राहिले. "वहिनी, वरची किल्ली हवी होती." मी त्यांना फाडफाड बोलले. म्हटलं, माणूस जाऊन सात दिवस झाले नाहीत आणि तुमचा डोळा खोलीवर. ते आले तसे गेले. तेव्हापासून आमचं बोलणं बंद. समोर आले तर मान हलवायची, बस. आणि हो, लिफ्ट अजून तेच चालवत, म्हणून मी लिफ्टमध्ये पाय ठेवला नाही. चार वर्षं रोज दुपारी चारला पाच मजले चढून गच्चीवर जायची, त्या बंद दाराबाहेरच्या पायरीवर अंधार पडेपर्यंत बसायची आणि पाच मजले उतरून यायची. गुडघ्यांचं पार पीठ झालं, पण हट्ट सोडला नाही. त्या बाबतीत आमच्या माहेरचं कोणी नाव घेऊ नये.

स्वयंपाक्याच्या भिंतीची गोष्ट तासाभरात इमारतभर झाली. संध्याकाळी हॉलमधल्या फळ्यावर भाऊजींच्या अक्षरात विषय लागला: गच्चीवरची खोली उघडावी. खाली वाद कोणाशी, तर माझं नाव. बैठक परवा दुपारी तीनला.

फिल्मवालीच्या अंगात वारं शिरलं. इतके दिवस गोडगोड पाहून कंटाळली होती बिचारी. "काकू, तुमचे सख्खे दीर ना? आणि तुम्ही त्यांची बाजू मांडणार?"

"मांडेन की. नियमच आहे."

विचारणीला मात्र मी गेले नाही. दारातच कशाला उभी राहू त्यांच्या? पोराहाती निरोप धाडला, काय म्हणणं असेल ते लिहून द्या. कागदावर दोन ओळी आल्या. "खोली उघडावी. लोकांची घड्याळं परत द्यावीत." तेही माझ्याकडे आले नाहीत. मी मनात म्हटलं, बरंच झालं. माझं म्हणणं यांना माहीतच नाही, धड मांडता येणार नाही, मी "हो" म्हणणार नाही आणि बैठक बारगळेल. हा माझा डाव होता, लपवत नाही.

बैठक भरली. एकोणतीस खोल्या, एकोणतीस माणसं. ताईनं घंटी वाजवली. आधी भाऊजी उभे राहिले. आडदांड माणूस, हात कुठे ठेवावेत ते त्यांना कधी कळत नाही. लिफ्टची जाळी ओढायची सवय, ती नसली की हात नुसते लोंबतात.

"वहिनींचं म्हणणं असं," ते म्हणाले, "की त्या रोज चारला वर जातात. जिन्यानं. चौथ्या मजल्यावर दम खायला थांबतात. पायरीवर बसतात आणि कुलूप काढत नाहीत. आत दादाचा चष्मा आहे बाकावर. खाली येताना तो नेहमी ठेवायचा तसाच असणार, काड्या न मिटलेला. परत येऊन घालणार होता ना. दार उघडलं की कोणीतरी तो उचलेल, पुसेल, घरात ठेवेल. मग तो परत घालायला कोणी येणार नाही हे पक्कं होईल. दार बंद आहे तोवर पक्कं नाही. त्यांना दुसरं काही नको, एवढंच हवं."

  हे मी कोणाजवळ बोलले नव्हते. लेकीजवळही नाही. माझ्या मनाशीसुद्धा इतकं सरळ कधी बोलले नव्हते. डाव वगैरे सगळा विसरले. "हो," मी म्हटलं, "हेच माझं म्हणणं."

मग मी उठले आणि त्या दोन ओळी म्हणून दाखवल्या. खोली उघडावी, घड्याळं परत द्यावीत. बसले.

ताईनं चष्म्यावरून पाहिलं. "एवढंच?" तिनं भाऊजींना विचारलं.

"हो, हेच," ते म्हणाले.

हात वर झाले. बंद ठेवावी, एकवीस. उघडावी, आठ. भाऊजींचा हात कुठे गेला ते मी पाहिलं नाही, मुद्दामच. घंटी वाजली. मी जिंकले होते. मला आनंद व्हायला हवा होता, पण चारला वर जाताना चौथ्या मजल्यावर दम खायला थांबले आणि एकदम अवघडल्यासारखं झालं. कोणीतरी मोजतंय, चार वर्षं, मी कुठे थांबते ते. लिफ्टच्या जाळीतून जिना दिसतो हे माझ्या कधी लक्षातच आलं नव्हतं.

खाली आले तर फिल्मवाली हॉलमध्ये डोकं धरून बसलेली आणि माइकवाला बिस्किटाविना. आवाजच घेतला गेला नव्हता म्हणे. यंत्रावरची छोटी बत्ती लावायची राहिली. चित्र सगळं आहे आणि आवाज शून्य.

"काकू," ती रडकुंडीला येऊन म्हणाली, "उद्या पुन्हा एकदा तसंच कराल? फक्त कॅमेऱ्यासाठी. जसं बोललात अगदी तसंच."

लोक तयार झाले. सगळ्यात आधी मी. खरं कारण सांगते, मला माझ्या त्या दोन ओळींची लाज वाटत होती. फिल्म माझी लेक बघणार, तिकडे तिच्या सासरचे बघणार. दीर एवढं बोलले आणि ही बाई शाळेतल्या पोरीसारखं दोन वाक्यं म्हणून खाली बसली! इतक्या वर्षांत विचारणी चुकवणारी मी पहिली. म्हटलं, आता करायचंच आहे तर नीट करू. निकाल तर लागलेलाच आहे, आपलं जातंय काय.

दुसऱ्या दिवशी सकाळी मी लिफ्टपाशी गेले. भाऊजी आत आपल्या स्टुलावर बसून जाळीला तेल देत होते. मला पाहून उठले.

"बसा," मी म्हटलं. "विचारणीला आलेय. तुमचं म्हणणं सांगा."

"लिहून दिलंय की."

"ते घड्याळांचं झालं. तुमचं सांगा. तुमचंही एक आहेच ना आत, ते टेबलावरचं डबडं." भाऊजींचं एक गजराचं घड्याळ होतं. दर पंधरा दिवसांनी बिघडायचं. ते घेऊन ड्यूटी संपली की पाच वाजता वर जायचे ते जेवायलाच खाली यायचे. मी यांना म्हणायची, भंगारात द्या ते एकदाचं, किती वेळ घालवता त्यापायी. हे म्हणायचे, जुनं दुखणं आहे गं त्याचं, असं सोडून कसं चालेल.

"माझं आज काढून देते हवं तर," मी म्हटलं.

"नको. सगळ्यांचं द्याल तेव्हा द्या."

"मग खोली कशाला हवी होती? तेव्हा, सातव्या दिवशी?"

त्यांनी तेलाचं बुधलं खाली ठेवलं. फडक्यानं हात पुसले, एकेक बोट. 

"खिडकीखाली एक स्टूल आहे," ते म्हणाले. "त्यावर बसायचो मी. बावीस वर्षं. तो काम करायचा आणि मी बसायचो. फार काही बोलायचो असंही नाही. तो गेल्यावर पाच वाजले की पाय वर वळायचे आणि जायला जागा नव्हती. तुम्हाला पायरी तरी आहे. मी तिथे कसा येणार? तुम्ही बसलेल्या असता."

"मग तेव्हाच का नाही सांगितलंत?"

"तुम्ही बोलू कुठे दिलंत?" ते म्हणाले. रागानं नाही. खरं तेच म्हणाले.

मी तिथून निघाले आणि शिवणखोलीत जाऊन बसले. त्या दिवशी एक टाका धड पडला नाही. चार वर्षं मी समजत होते की रडायचा मक्ता माझा एकटीचा आहे. भाऊजींचा दादा होता तो. मी येण्याआधी अठरा वर्षं त्यांचाच होता.

तीनला सगळे पुन्हा त्याच खुर्च्यांवर, कालच्याच कपड्यांत. फिल्मवालीनंच तसं सांगितलं होतं. माइकवाल्यानं बत्ती लावली आणि ती लागलीय हे चार जणांना दाखवलं. "घंटीपण वाजवा हं," फिल्मवाली म्हणाली, "फार सुंदर दिसते."

ताईचा हात घंटीवर थांबला. तिनं माझ्याकडे पाहिलं. "वाजवू ना गं?"

"वाजव की. बघतेस काय अशी?"

तिनं वाजवली.

भाऊजींनी कालचंच सांगितलं. शब्द तेच. मी म्हटलं, हो, हेच माझं म्हणणं. मग मी उठले. काय बोलायचं ते घोकून ठेवलं होतं, लेकीनं बघावं असं. त्यातलं एक अक्षर आठवलं नाही.

"भाऊजींचं म्हणणं असं," मी म्हटलं, "की आत एकोणीस घरांची घड्याळं आहेत आणि ती घरं चार वर्षं गप्प बसलीत, कारण वहिनीला कोण दुखावणार. हे एक. पण ते त्यांनी कागदावर लिहायचं म्हणून लिहिलं. खरं म्हणणं असं आहे की आत एक स्टूल आहे. तिथे एक भाऊ काम करायचा आणि एक भाऊ बसायचा. बावीस वर्षं, रोज दोन तास. एक गेला. जो राहिला तो किल्ली मागायला आला, तर वहिनीनं त्याला दारातून हाकललं. तिला वाटलं, याला खोली हवी. त्याला स्टूल हवं होतं. तिनं स्वतःला पायरी ठेवली आणि त्याला काहीच ठेवलं नाही. तो लिफ्ट वर नेतो, खाली आणतो, पाचव्याच्या वर जात नाही. वर गेला तर ती उठून जाईल, म्हणून. ती त्याच्या लिफ्टमध्ये बसत नाही, तरी तिचे गुडघे तो मोजतो. खोली उघडायला हवी. त्या चष्म्यावर एकटीचा हक्क नाही तिचा."

मी खाली बसले. भाऊजी भिंतीकडे बघत होते. ताईनं दोनदा विचारलं तेव्हा त्यांनी नुसती मान हलवली. "तोंडानं सांगायचं," ताई म्हणाली, नियम तो नियम.

"हो. हेच."

"उघडावी म्हणणारे?"

हात वर झाले. ताई मोजत गेली. अठ्ठावीस. अठ्ठाविसावा माझा होता. कधी वर गेला ते मला कळलं नाही, पण खाली आणावासाही वाटला नाही.

"बंद ठेवावी म्हणणारे?"

एकच हात. भाऊजींचा.

"आणि काल?" मी त्यांना विचारलं.

"कालही," ते म्हणाले.

ताईनं घंटी वाजवली. फिल्मवाली भानावर आली. "कट. फारच छान झालं. म्हणजे, मी अगदी कालच्यासारखंच करा म्हटलं होतं, पण ठीक आहे. काकू, हे फक्त फिल्मसाठी. निकाल कालचाच ना?"

ताई म्हणाली, "घंटी वाजली होती, बाळ."

"पण ती मी वाजवायला सांगितली म्हणून वाजली."

"कोणी सांगितली हे आम्ही बघत नाही. दोन घंट्यांच्या मध्ये ठरलं ते ठरलं, आणि नंतरची खरी."

पोरीचा चेहरा पांढराफटक पडला. ती माझा हात धरून सांगायला लागली, काकू, माझी चूक झाली, मी असं व्हावं म्हणून नव्हतं केलं, तुम्ही जिंकला होतात. माइकवाल्यानं यंत्र बंद करायला हात पुढे केला आणि ती त्याला नको म्हणालीही नाही.

ताई माझ्याकडे वळली. "तुला हवं तर तिसरी मागता येईल. उद्या परत वाजवते."

सगळे माझ्याकडे बघत होते. मागितली असती तर मिळालीही असती, आणि एकवीसच्या एकवीस हात परत माझ्या बाजूला आले असते, हे मला पक्कं ठाऊक होतं. ही माणसं तशीच आहेत. घंटी तिथेच होती, ताईच्या हाताशी. मी गळ्यातली किल्ली काढली. चार वर्षांत पहिल्यांदा मान हलकी वाटली आणि ते हलकं वाटणं मला मुळीच आवडलं नाही.

"तिसरी नको," मी म्हटलं. "चला भाऊजी, वर घेऊन चला. आज जिना नाही चढवणार मला."

फिल्मवालीनं विचारलं, येऊ का. म्हटलं, दारापर्यंत ये. लिफ्टमध्ये आम्ही चौघं. भाऊजींनी जाळी ओढली आणि सवयीनं विचारलं, "कितवा मजला?" मी म्हटलं, "गच्ची."

कुलूप गंजलं होतं. त्यांनी तेल घातलं, मी किल्ली फिरवली. आत धूळ, खिडकीतून तिरकं ऊन, आणि बाकावर ओळीनं घड्याळं, सगळी वेगवेगळ्या वेळी थांबलेली. चष्मा होता तिथेच होता. मी बराच वेळ त्याला हात लावला नाही. मग लावला. काड्या मिटल्या आणि कमरेला खोचला. तो दोरा अजून निळाच होता.

खालून माणसं यायला लागली. मी चिठ्ठ्या वाचून एकेक घड्याळ देत गेले. स्वयंपाक्याचं: बिघाड, लंबक घासतो, वेळ, एक दिवस. ताईचं: बिघाड, टोला एक जास्त पडतो; वेळ, अर्धा दिवस. "पडू दे," ताई म्हणाली, आणि घड्याळ पोटाशी धरून गेली. एकोणीस झाली. खालून कुठूनतरी पहिला टोला ऐकू आला, मग दुसऱ्या मजल्यावरून, मग आणखी कुठूनतरी. एकाची वेळ दुसऱ्याशी जुळत नव्हती.

बाकावर भाऊजींचं ते टेबलावरचं डबडं तेवढं उरलं. भाऊजी आत, दाराशी उभे होते, हात लोंबते. मी ते उचललं. चिठ्ठी जाड होती. नवीन न बांधता यांनी तीच वापरली होती वर्षानुवर्षं, कडेला तारखांवर तारखा. अक्षर यांचं, बारीक, सरळ. मी वाचली. पुन्हा वाचली. मग मागे वळले, कॅमेरा अगदी चौकटीत आलेला दिसला, आणि मी दार लावून घेतलं. तिथे तुमची फिल्म संपते.

चिठ्ठीवर होतं:

मालक: धाकटा.
बिघाड: काही नाही.
वेळ: दोन तास.

मी ती भाऊजींच्या हातात दिली. त्यांनी वाचली. इतकी वर्षं त्यांना वाटत होतं की आपली लबाडी दादाला कळली नाही. ते भिंतीला टेकले आणि मोठ्या माणसानं रडावं तसे रडले, आवाज न करता, खांदे हलवत. मीही रडले, आवाज करून. मला आवाज न करता काही जमत नाही.

मग मी पदरानं डोळे पुसले, खिडकीखालचं स्टूल ओढलं, त्यावरची धूळ झटकली आणि त्या डबड्याला चावी दिली. ते लगेच चालू झालं. पाच वाजायला आले होते.

"बसा भाऊजी," मी म्हटलं. "दोन तास लागतील."